काळाची वेधशाळा उभारताना : कल्पनारम्य कथा लिहू पाहणाऱ्यांसाठी

कल्पनारम्य कथेत वेधशाळा आणायची म्हटले की नवोदित लेखकाची लेखणी बहुधा घुमटापासून सुरू होते. डोंगरमाथ्यावरचा काळा दगडी घुमट, आत फिरणारी पितळी चक्रे, मधोमध धूसर उजेड सांडणारा स्फटिक आणि त्यात तरळणारी दुसरी जगे, एवढे वर्णन पहिल्या दोन पानांत उरकते आणि तिसऱ्या पानावर नायक त्या स्फटिकातून पलीकडे उडी मारतो. त्या क्षणी वेधशाळेचे काम संपते, कारण तिचा दरवाजा झालेला असतो. पलीकडचे दिसते पण तिथवर हात पोहोचत नाही, अशी जागा म्हणजे वेधशाळा. आणि या लेखात जे सांगायचे आहे ते अशाच जागेविषयी आहे.

मराठीत 'वेध' हा शब्द या कामाला मोठा सोयीचा आहे. आपण ताऱ्याचा वेध घेतो, बाण लक्ष्याचा वेध करतो आणि एखाद्या गोष्टीचे वेध लागतात तेव्हा ती गोष्ट अजून आलेली नसते. मोजणे, भेदणे आणि वाट पाहणे हे तिन्ही अर्थ एका शब्दात नांदतात. त्यांतला तिसरा अर्थ लेखकाने विशेष जपावा, कारण वेधशाळेतील माणसांचे बहुतेक आयुष्य वाट पाहण्यातच जाते.

पहिली पायरी : तिथून इथे काय येते ते ठरवा

खऱ्या वेधशाळेतील माणूस कुठेही जात नाही. जे येऊन पोहोचते त्याला तो पकडतो. सूर्यापासून निघालेला प्रकाश आपल्यापर्यंत यायला सुमारे ८ मिनिटे २० सेकंद लागतात आणि देवयानी दीर्घिकेचा, म्हणजे आपल्या आकाशगंगेसारख्याच एका दूरच्या ताराविश्वाचा, आज दिसणारा प्रकाश सुमारे २५ लाख वर्षांपूर्वी निघालेला असतो. म्हणजे साधी दुर्बीणसुद्धा भूतकाळच दाखवत असते आणि काळाची वेधशाळा ही कल्पना वाटते तितकी अद्भुत नाही. अद्भुताचा भाग पुढे सुरू होतो, पण त्याचा पाया हाच ठेवावा.

म्हणून घुमटाआधी वाहक निवडा. प्रकाश, कंप, ऊब, गंध, एखादा अदृश्य कण, काहीही चालेल. पण एकच निवडा, कारण यंत्राचा आकार त्यावरूनच ठरतो. गुरुत्वीय लहरी, म्हणजे अवकाशालाच किंचित ताणत-आकसवत जाणारे कंप, पकडणाऱ्या लायगो प्रकल्पातील यंत्रांना ना घुमट आहे ना आकाशाकडे रोखलेली दुर्बीण. प्रत्येकी ४ किलोमीटर लांबीच्या दोन काटकोनी भुजा आहेत आणि त्या भुजांच्या लांबीत प्रोटॉनच्या व्यासापेक्षाही शेकडो पटींनी सूक्ष्म असा फरक पडला तरी तो तिथे मोजला जातो. न्यूट्रिनो, म्हणजे जवळजवळ कशालाही न अडणारे सूक्ष्म कण, पकडणारी आइसक्यूब ही वेधशाळा तर दक्षिण ध्रुवाजवळच्या बर्फात पुरलेली आहे आणि सुमारे एक घन किलोमीटर बर्फ हीच तिची दुर्बीण आहे. वाहक बदलला की वेधशाळेचे रूप किती बदलते, हे यावरून ध्यानात येईल.

वाहक निवडल्यावर तो कशाने अडतो, वाटेत त्यातले काय गळते आणि तो किती उशिराने पोहोचतो, हे स्वतःला विचारा. १९८७ च्या फेब्रुवारीत शेजारच्या एका लहान दीर्घिकेतील ताऱ्याचा स्फोट दिसला, तेव्हा त्याचे न्यूट्रिनो प्रकाशाच्या काही तास आधी पृथ्वीवर येऊन गेले होते आणि जगभरातील यंत्रांनी मिळून त्यांतले पंचवीसच्या आसपास टिपले होते. एका ताऱ्याच्या मृत्यूची बातमी पंचवीस टिंबांत! कथेतील निरीक्षकालाही इतकेच तोकडे पुरावे द्या. माझ्या पहिल्या कथेतील निरीक्षकाला मी सगळे स्वच्छ दिसू दिले होते, आणि त्यामुळे कोणालाही काही विचारण्याची गरजच उरली नाही. कथा चौथ्या पानावर जी थांबली ती थांबलीच.

पुढील पायऱ्या समजाव्यात म्हणून एक उदाहरण शेवटपर्यंत बरोबर ठेवू. समजा, आपली वेधशाळा म्हणजे एक खोल दगडी विहीर आहे. तिच्या तळाच्या पाण्यावर दुसऱ्या वास्तवातील एका तुकड्याचे बिंब उमटते आणि निरीक्षक विहिरीच्या तोंडावर आडव्या टाकलेल्या फळीवर पालथा पडून खाली पाहतो. दिसणारा तुकडा लहान आहे : नदीचे एक वळण आणि त्याच्या काठावरचे एक घर. बस्स, एवढेच.

दुसरी पायरी : दोन्हीकडच्या काळाचा हिशेब मांडा

तिथला काळ इथल्याच वेगाने जातो का, हा प्रश्न बहुतेक नवोदित सोडून देतात, किंवा 'तिथे काळ वेगळाच वाहतो' असे एक वाक्य लिहून मोकळे होतात. खरे तर सर्वांत समृद्ध साहित्य याच जागी दडलेले आहे. ककुद्मी राजा आपल्या रेवती या मुलीसाठी वर विचारायला ब्रह्मलोकी गेला, तिथे गायन चालू होते म्हणून थोडा थांबला आणि तेवढ्यात पृथ्वीवर २७ चतुर्युगे उलटली, ही पुराणकथा आपल्याला ठाऊक आहे. तिचे बळ चमत्कारात नाही, आकड्यात आहे : ज्यांची नावे राजाने मनात योजली होती ते तर गेलेच, त्यांची नातवंडे-पतवंडेही उरली नाहीत. भौतिकशास्त्राकडेही अशी उदाहरणे आहेत, मात्र फार लहान मापाची. १९७१ मध्ये आण्विक घड्याळे विमानातून पृथ्वीभोवती फिरवून आणली, तेव्हा जमिनीवरच्या घड्याळांशी त्यांचा फरक काही दहा ते काही शे नॅनोसेकंदांचा, म्हणजे सेकंदाच्या अब्जांश भागांचा, भरला. आणि दिशादर्शक जीपीएस उपग्रहांवरील घड्याळे दुरुस्तीविना चालू दिली, तर ती रोज सुमारे ३८ मायक्रोसेकंदांनी पुढे धावतील.

आपल्या विहिरीसाठी एक प्रमाण ठरवू : इथला एक दिवस म्हणजे तिथले एक वर्ष. आता कागद घेऊन भागाकार करा. तिथला एक दिवस इथे चार मिनिटांपेक्षा किंचित कमी वेळात सरतो. आठ तासांच्या एका पाळीत तिथले चार महिने निघून जातात, म्हणजे निरीक्षक फळीवर पडला तेव्हा पेरणी झाली असेल तर तो उठेपर्यंत पीक कापून नेलेले असेल. चार सेकंदांचे वाक्य इथे एका सेकंदाच्या नव्वदाव्या भागात संपेल, म्हणजे संभाषण ऐकण्याची आशा सोडावी. सत्तर वर्षांचे आयुष्य सत्तर दिवसांत पुरे होईल. दहा दिवसांच्या रजेवरून परतलेल्या निरीक्षकाने रजेआधी ज्या घरात पाळणा टांगलेला पाहिला असेल, त्या घरातील मूल दहा वर्षांचे झालेले असेल; आणि मग तो पुन्हा रजा घेईल का, हा प्रश्न आपोआप कथेत येऊन बसेल. मला असे वाटते की वेधशाळेच्या कथेत खलनायक आणण्यापूर्वी लेखकाने हा भागाकार एकदा तरी करून पाहावा, कारण पुष्कळदा खलनायकाची गरजच उरत नाही.

या वेगाने धावणाऱ्या जगात माणसे कशी दिसतील? १८३८ मध्ये डागेर यांनी पॅरिसमधील एका रस्त्याचे छायाचित्र घेतले, तेव्हा कॅमेऱ्याचे भिंग काही मिनिटे उघडे ठेवावे लागल्यामुळे वाहती वर्दळ त्यात उमटलीच नाही; बूट पुसून घेण्यासाठी एका जागी उभा राहिलेला माणूस मात्र उमटला. विहिरीतही तसेच होईल. चालणारे, धावणारे, भांडणारे सगळे विरघळून जातील आणि जो एका जागी बसून राहील तोच दिसेल : आजारी माणूस, दारात बसलेली म्हातारी, कोणाची तरी वाट पाहणारे कोणी. म्हणजे या वेधशाळेला दुसऱ्या जगाची गडबड कधीच कळणार नाही, त्याचे थांबणे तेवढे कळेल. हे मी आधी ठरवले नव्हते. ते भागाकारातून निघाले.

एक काटेकोर वाचक इथे अडवेल आणि त्याचे म्हणणे बरोबर असेल. तिथला काळ ३६५ पट वेगाने धावत असेल, तर तिथल्या प्रकाशाची कंपनसंख्याही इथे ३६५ पट भरेल आणि तो डोळ्यांना दिसण्याच्या पल्ल्याबाहेर जाईल. अशा वेळी दोन मार्ग असतात. जादूचा हवाला देऊन प्रश्न मिटवता येतो, किंवा अडचण तशीच उचलून कथेत घेता येते. दुसरा मार्ग मला नेहमी अधिक फलदायी वाटला आहे. तिथल्या उबदार वस्तूंतून निघणारे दूरचे अवरक्त प्रारण, म्हणजे डोळ्यांना न दिसणारे उष्णतेचे किरण, या गुणाकाराने बरोबर दृश्य प्रकाशाच्या पल्ल्यात येते; तेव्हा विहिरीत उजेड दिसत नाही, ऊब दिसते असे ठरवू. दिवसा तापणारी जमीन उजळेल, रात्री मंदावेल आणि चार-चार मिनिटांनी पाण्यावर एक ठोका पडल्यासारखे वाटेल. नदी काळसर राहील. घरातील चूल हा सर्वांत तेजस्वी ठिपका असेल.

प्रमाण उलट धरले, इथले एक वर्ष म्हणजे तिथला एक दिवस, तर पापणी मिटून उघडायला दोनेक मिनिटे लागतील आणि तिथल्या सात दिवसांच्या मसलतीचा निकाल कळायला इथली सात वर्षे जातील. ती कथा निरीक्षकांच्या पिढ्यांची होईल. दोन्ही प्रमाणे चांगली आहेत. एकाच कथेत दोन्ही वापरण्याचा मोह मात्र टाळावा.

तिसरी पायरी : पलीकडचे वास्तव आपले कोण लागते?

हे थोडक्यात उरकता येईल. पलीकडचे जग आपलाच भूतकाळ आहे, आपल्यापासून फुटलेली फांदी आहे, की ज्याचा आपल्याशी कधीच संबंध नव्हता असे परके वास्तव आहे, एवढेच ठरवायचे आहे. फांद्यांची कल्पना आता सर्वपरिचित आहे. १९५७ मध्ये ह्यू एव्हरेट यांनी पुंजयामिकीचे (क्वांटम मेकॅनिक्सचे) जे विवरण मांडले, त्यातूनच ती लोकप्रिय झाली. मात्र त्या मांडणीत फुटलेल्या फांद्यांना एकमेकींकडे पाहता येत नाही, हे लक्षात ठेवावे. पाहता येते असे तुम्ही लिहीत असाल, तर तो तुमच्या कथेचा अद्भुत नियम आहे आणि तो पहिल्या प्रकरणातच उघडपणे सांगून टाकलेला बरा. भविष्य दिसते असा नियम केल्यास, पाहिलेले टाळता येते का याचे उत्तर आधी स्वतःपाशी लिहून ठेवा. वाचकाला ते शेवटी कळले तरी चालेल, लेखकाला शेवटी कळून चालत नाही.

चौथी पायरी : जागा आणि यंत्र

यंत्राची अचूकता आकारात मोजा, म्हणजे ती वाचकाला डोळ्यांनी दिसते. पंधराव्या शतकात समरकंदला तिथले शासक उलुघ बेग यांनी बांधवून घेतलेल्या वेधशाळेतील मोजणीच्या कंसाची त्रिज्या सुमारे ४० मीटर होती, त्यामुळे आकाशातील एक अंश तिथे जवळजवळ ७० सेंटिमीटर लांब झाला. सवाई जयसिंगांनी पितळी यंत्रे सोडून चुन्यादगडाची यंत्रे बांधली, कारण पितळी यंत्रांचे आस झिजतात आणि ती हलतात, अशी त्यांची तक्रार होती. जयपूरच्या सम्राट यंत्राची, म्हणजे त्यांच्या प्रचंड सूर्यघड्याळाची, उंची सुमारे २७ मीटर आहे आणि त्याची सावली दर सेकंदाला सुमारे एक मिलिमीटर सरकताना नुसत्या डोळ्यांनी दिसते. काळ सरकताना पाहण्याचा याहून साधा आणि भव्य मार्ग मला ठाऊक नाही.

यातून घेण्यासारखे हे की यंत्राला झीज द्या. आपल्या विहिरीची फळी ओलाव्याने वाकते. ती वाकली की नदीचे वळण चौकटीबाहेर जाते आणि फळी बदलेपर्यंत इथले तीन दिवस, म्हणजे तिथली तीन वर्षे, कोणी पाहिलेलीच नसतात. नोंदवहीतील ती कोरी पाने भरलेल्या पानांपेक्षा अधिक बोलतात.

पाचवी पायरी : खोट्या खुणा

वेधशाळेच्या कामाचा मोठा भाग म्हणजे जे दिसले ते खरोखर तिकडून आले की इकडचेच काही आहे, हे ठरवणे. नवोदितांच्या कथांत हा भाग जवळजवळ कधीच नसतो आणि त्यामुळेच त्यांच्या वेधशाळा रंगमंचावरच्या पडद्यासारख्या वाटतात.

ऑस्ट्रेलियातील पार्क्स रेडिओ दुर्बिणीला अनेक वर्षे काही विचित्र, क्षणिक संकेत मिळत होते. दूर अवकाशातून येणाऱ्या संकेतांशी त्यांचे काही साम्य होते, पण ते पृथ्वीवरचेच असावेत असा संशय होता. २०१५ मध्ये उलगडा झाला : तिथल्या इमारतीतील मायक्रोवेव्ह भट्टीचे दार ती थांबण्यापूर्वीच कोणीतरी उघडले की तो संकेत उमटत असे. याच्या उलट, १९६४-६५ मध्ये पेन्झियस आणि विल्सन या शास्त्रज्ञांना त्यांच्या रेडिओ अँटेनात कुठूनही येणारी एक सततची खरखर ऐकू येत होती; त्यांनी आत घरटे केलेली कबुतरे हलवली, त्यांची विष्ठा घासून काढली, तरी खरखर गेली नाही, कारण ती विश्वाच्या आरंभापासून उरलेली सुमारे ३ केल्विनची ऊब होती. पहिल्या प्रसंगात गूढ वाटले ते स्वयंपाकघरातले निघाले आणि दुसऱ्यात कबुतरांवर ज्याचा आळ आला ते विश्वाएवढे निघाले. तुमच्या निरीक्षकाला आपण यांपैकी कोणत्या प्रसंगात आहोत हे आधी कळता कामा नये.

तिसरा प्रसंग अधिक करुण आहे. बुधाच्या कक्षेतील एक लहानसा फरक समजावण्यासाठी फ्रेंच खगोलशास्त्रज्ञ ल व्हेरिए यांनी १८५९ मध्ये सूर्याजवळ आणखी एक ग्रह असावा असे मांडले. त्याला व्हल्कन हे नाव मिळाले आणि काही निरीक्षकांनी तो पाहिल्याचेही सांगितले. १९१५ मध्ये आइन्स्टाइन यांच्या सिद्धान्ताने तो फरक ग्रहाविनाच उलगडला. ज्या लोकांनी तो ग्रह पाहिला होता त्यांनी नेमके काय पाहिले होते? एखादे अख्खे वास्तव पिढ्यान्‌पिढ्या अभ्यासले गेले आणि ते नव्हतेच, ही कथा अजून कोणीतरी लिहायला हवी.

खोट्या खुणांवर उपाय म्हणून साक्षीदार द्या. १४ सप्टेंबर २०१५ रोजी पहिली गुरुत्वीय लहर मिळाली, तेव्हा तिच्यावर विश्वास बसण्याचे मोठे कारण हे होते की सुमारे ३,००० किलोमीटर अंतरावरच्या दोन यंत्रांनी तीच थरथर सात सहस्रांश सेकंदांच्या फरकाने टिपली. आपल्याही वेधशाळेत दुसरी विहीर असावी. ती जरा दूर, दुसऱ्या गावात असावी आणि तिथल्या निरीक्षकाचे याच्याशी पटत नसावे.

सहावी पायरी : माणसे, आणि खर्च कोण करतो

इंग्लंडमधील ग्रिनिचच्या वेधशाळेत ताऱ्याच्या संक्रमणाची वेळ टिपताना निरीक्षक घड्याळाचे ठोके ऐकत आणि तारा दुर्बिणीतील बारीक धातूच्या तारेवरून सरकताना पाहत असे. तिथले प्रमुख मॅस्केलिन यांना त्यांचा साहाय्यक किनब्रुक याच्या नोंदी आपल्यापेक्षा सुमारे ०.८ सेकंद मागे पडतात असे आढळले आणि १७९६ मध्ये त्यांनी त्याला कामावरून काढले. पुढे खगोलशास्त्रज्ञ बेसेल यांनी दाखवले की कोणत्याही दोन निरीक्षकांत असा फरक असतोच. त्याला 'वैयक्तिक समीकरण' असे नाव पडले. किनब्रुकची नोकरी गेली ती गेलीच. आपल्या विहिरीवर ०.८ सेकंद म्हणजे तिथली जवळजवळ पाच मिनिटे. एवढ्यात कोणी नदीत पडूही शकते. प्रत्येक निरीक्षकाचा स्वतःचा दोष ठरवून ठेवा : एकाला ठिपके जास्त दिसतात, दुसरी भावुक होऊन चुलीचा उजेड आहे त्याहून ठळक लिहिते.

आणि वेधशाळा कुतूहलावर चालत नाही. ग्रिनिचची स्थापना १६७५ मध्ये झाली ती खलाशांना समुद्रात आपले स्थान कळावे म्हणून, आणि १८३३ पासून तिथून रोज दुपारी एक वाजता एक गोळा खाली सोडला जाऊ लागला, तो नदीतील जहाजांना आपापली घड्याळे लावता यावीत म्हणून. तुमची वेधशाळा बाहेरच्या जगाला रोज काय देते? काही देत नसेल, तर ती चालवणारा राजा कधीतरी हा प्रश्न विचारेल. आणि देत असेल, तर ते देण्यासाठी नोंदी थोड्या वाकवाव्या लागतात का, हेही ठरवावे लागेल.

सातवी पायरी : एका पाळीची नोंद लिहा

पहिले प्रकरण लिहिण्यापूर्वी वेधशाळेच्या नोंदवहीतील एक पान लिहावे. त्यात वर्णन नको, उपमा नको; वेळ, दिसलेले, न दिसलेले आणि सही, एवढेच असावे. वरच्या सहा पायऱ्यांत ठरवलेले सगळे नियम या एका पानात टिकले, तर ते कथेतही टिकतील; जिथे पेन अडेल, तिथला नियम अजून ठरलेला नाही असे समजून मागे जावे. आपल्या विहिरीचे पान मी असे लिहीन :

"पाळी ४११२. मध्यरात्रीनंतर पहिला तास. पाणी स्थिर. ठोके नियमित, तासाला पंधरा. नदी पात्रात.

दुसरा तास. दारातील बसलेली आकृती आज दिसली नाही. काल पूर्ण पाळीभर होती.

तिसरा तास. चूल दिसत नाही. अकरा ठोके मोजले, म्हणजे तिथले अकरा दिवस. घर थंड. जमीन नेहमीप्रमाणे उजळते व मंदावते.

चौथा तास. चूल नाही. दुसऱ्या विहिरीकडे विचारणा पाठवली आहे. नोंद बंद करण्याची परवानगी असावी.

शेरा, पुढील पाळी : पाण्यावर पिंपळाचे पान पडले होते, घराच्या बिंबावरच. काढले. चूल पेटलेली आहे. दारात आता दोघे बसलेले दिसतात."